सात रिळांचा हिशेब

इतिहासाच्या पुस्तकात त्या सिनेमाला दीड ओळ दिली आहे.
एक ओळ अशी की, आपल्या बेटांवर
आपल्याच माणसांनी रचलेल्या पहिल्या काही कथापटांतला हा.
अर्धी ओळ: प्रत उपलब्ध नाही.

त्या अर्ध्या ओळीत माझी नोकरी आहे.

बाहेर मनिलाचं डांबर चपलेला चिकटतं,
आत मी स्वेटर घालून डबे उघडतो.
एकात गोठलेल्या मधासारखा गोळा,
एकात तपकीर. अक्षरशः तपकीर;
शिंकलो तर कुणाचं तरी अख्खं लग्न उडून जाईल.

हाताला लागलं ते एवढंच:
टोंडोतल्या शिंप्याचं बिल,
"दुखवट्याचा काळा साया, एक, नायिकेच्या मापाचा. उधार."
आणि मागे पेन्सिलीनं तिचं नाव, ओनोराता.
आठवडाभर कारखान्यात चिरूट वळायची,
रविवारी कॅमेऱ्यासमोर रडायची.
दोन्हींची मजुरी सारखीच.

गोष्ट साधी. दोघी बहिणी, एक पत्र,
धाकटीनं ते तांदळाच्या रांजणात लपवलेलं.
शेवटी थोरली पासिग नदीत कमरेइतक्या पाण्यात उभी राहते
आणि तोंड उघडते.

मग पाटी यायची, तीन भाषांत.
स्पॅनिश पाटीत ती देवाला हाक मारते,
इंग्रजी पाटीत नवऱ्याला,
टागालोग पाटीत आईला.
ज्याला जी वाचता आली त्यानं तेवढंच ऐकलं.
उरलेल्यांनी, म्हणजे बहुतेकांनी,
पडद्याखालच्या व्हायोलिनवाल्याकडे पाहिलं.
तो, मांग तेबान, शूटिंगला छत्री धरून काठावर होता.
पुढे पिऊन आला की सांगायचा:
"ती म्हणत होती, झालं का तुमचं? पाणी गार आहे."

मग बोलपट आले. मुक्याला कोण विचारतो.
सातही रिळं किलोच्या भावानं
मेइकावायनच्या एका कारागिरानं उचलली.
फिल्म कापायची, शंकूसारखी वळायची,
तोंडाशी जीभ बसवायची,
झाली पिपाणी.

वर्षाच्या शेवटच्या रात्री
गल्लीगल्लीत तो सिनेमा वाजला.
ज्यानं जन्मात आवाज काढला नव्हता
त्यानं कुत्री पलंगाखाली घातली,
पाद्र्याची झोप मोडली,
एक म्हातारा तर म्हणे दचकून बरा झाला.
समीक्षा कुठे छापून आली नाही.

आलिंग लिओनिला तेव्हा आठ वर्षांची, आता शहाऐंशी.
पहाटे तिनं आपली पिपाणी उलगडून उन्हात धरली होती:
हातभर पट्टी, चोवीस चौकटी,
चोवीस वेळा तीच बाई, पाण्यात, तोंड उघडं.
(पडद्यावर दीड सेकंद. म्हणजे पुस्तकवाल्यानं
ओळी मोजूनच दिल्या म्हणायच्या.)
"मग?"
"मग आईनं तिनं चूल पेटवली.
भक्कन पेटली. आईच्या भुवया गेल्या."

मी विचारलं, ती बाई काय म्हणत होती, काही कळलं?
प्रश्न मूर्खपणाचा होता, पण मला पगार त्याचाच मिळतो.
म्हातारीनं कवळी काढून बशीत ठेवली,
ओठ आवळले, गाल फुगवले
आणि रिकाम्या मुठीतून फुंकलं.
लांब, फाटका, जरा थुंकीभरला सूर.
शेजारचा कोंबडा गप्प झाला.

नोंदवहीत रकाने आहेत: लांबी, रुंदी, स्थिती.
मूकपटाला आवाजाचा रकाना नसतो.
पेनानं मी एक आखला, वाकडा,
आणि बराच वेळ काही सुचेना.
तिनं भाताची ताटली पुढे सरकवली, वर दोन सुके मासे.
म्हणाली, आधी जेव,
ती कुठे जात नाही.